टॉन्टन, १९१९: हेगेट खरंच बाद होता का?

प्रश्न असा आहे: ‘पंचांच्या परीक्षेची तयारी करतोय. टाइम्ड आउटचं पहिलं उदाहरण म्हणून ससेक्स कौंटीच्या हॅरल्ड हेगेटचं नाव वाचलं. १९१९ मध्ये इंग्लंडमधल्या टॉन्टनला तो वेळेत मैदानात आला नाही, त्याला बाद दिलं आणि सामना बरोबरीत सुटला. हा हेगेट कोण? पंचांचा निर्णय बरोबर होता का? आमच्या क्लबच्या सामन्यातही अकराव्या नंबरचा फलंदाज पाय मुरगळून तंबूत बसला होता. नववी विकेट पडली असती तर मी काय करायला हवं होतं?’

मी बरीच वर्षं क्लब क्रिकेटमध्ये पंच म्हणून उभा राहिलो आणि नंतर नव्या पंचांना नियम शिकवत आलो. हेगेटचा प्रसंग मी दरवेळी शिकवतो, कारण तो जेवढा सोपा दिसतो तेवढा नाही. थोडक्यात उत्तर हवं असेल तर बरोबरीचा निकाल योग्य होता. पण हेगेट ‘बाद’ झाला म्हणून तो निकाल लागला की बाद न होताच लागला, हे त्या दिवशीची कुठली हकीकत खरी मानायची यावर ठरतं. खरी गोम तिथे आहे.

आधी माणसाबद्दल, कारण नियमांच्या पुस्तकात तो फक्त एक नाव होऊन बसला आहे.

हेगेटचा जन्म १८८४चा. प्रथम श्रेणीचे सामने सगळे मिळून सहा, सगळे ससेक्सकडून. पहिला १९०३ मध्ये, म्हणजे वयाच्या विशीच्या आत. शेवटचा १९१९ मध्ये, पस्तिशीच्या आसपास. भाऊ रेजिनाल्ड हाही ससेक्सचाच खेळाडू आणि कौंटीकडून खेळण्याची संधी त्याला हॅरल्डपेक्षा बरीच जास्त मिळाली. १९०३चं ससेक्स म्हणजे रणजी आणि सी. बी. फ्राय यांचं ससेक्स. त्या वर्षापर्यंत कर्णधार रणजी, पुढच्या वर्षापासून फ्राय. अशा संघात एवढ्या तरुण हौशी फलंदाजाला जागा मिळायची ती कोणी आजारी असेल, कोणी कसोटीला गेलेला असेल किंवा कोणाला घरचं काम निघालं असेल तेव्हा.

इथे तेव्हाच्या कौंटी संघांची रचना लक्षात घ्या. संघात दोन प्रकारचे लोक असत. व्यावसायिक खेळाडू पगारावर किंवा सामन्यागणिक मानधनावर खेळत आणि हंगामभर संघाबरोबर फिरत. हौशी खेळाडूंना खेळण्याचं मानधन नसे. ते आपल्या सवडीनं येत, त्यांची कपडे बदलायची खोलीही वेगळी असे आणि कर्णधार बहुतेक त्यांच्यातलाच असे. छापील धावफलकावर नाव कसं लिहिलंय, नावाआधी ‘मिस्टर’ आहे की नाही, एवढ्यावरून कोण कुठल्या गटातला हे कळायचं. कौंटीच्या जुन्या नोंदी चाळल्या तर दोन, चार, सहा सामन्यांच्या कारकिर्दी शेकड्यांनी सापडतात आणि त्यांतले कित्येक जण असेच ऐन वेळी बोलावलेले हौशी असतात. मला या लोकांबद्दल मनापासून आदर वाटतो. त्यांच्याशिवाय कित्येक सामन्यांना अकरा खेळाडू उभेच राहिले नसते. हेगेटही त्यांच्यापैकीच एक होता आणि टॉन्टनच्या त्या सामन्यात त्याची गरज पडली तीही अशीच.

आता १९१९.

पहिल्या महायुद्धामुळे १९१५ ते १९१८ अशी चार वर्षं कौंटी स्पर्धा बंद होती. मेमध्ये ती पुन्हा सुरू झाली तेव्हा बहुतेक संघ मोडकळीस आलेले होते. सॉमरसेटचे राल्फ हॅनकॉक आणि हॅरल्ड हिपिस्ली १९१४च्या ऑक्टोबरमध्येच कामी आले होते. केंटचा डावखुरा फिरकी गोलंदाज कॉलिन ब्लाइथ १९१७ मध्ये गेला. जे परतले त्यांतल्या कित्येकांचं वय झालं होतं, काहींची शरीरं साथ देईनाशी झाली होती. ससेक्सपुरतं बोलायचं तर खुद्द रणजी १९२० मध्ये त्यांच्याकडून तीन सामने खेळले, तेही १९१५च्या शिकारीतल्या अपघातात उजवा डोळा गमावल्यावर. चार डावांत मिळून ३९ धावा. एका डोळ्यानं गोलंदाजी खेळायला उतरणाऱ्या माणसाला त्या वर्षांत कोणी मैदानाबाहेर थांबवत नव्हतं. हेगेटकडे पाहताना ही पार्श्वभूमी हवीच.

त्या एका हंगामापुरता आणखी एक प्रयोग झाला: कौंटी सामने तीनऐवजी दोन दिवसांचे आणि दिवसाचा खेळ संध्याकाळी उशिरापर्यंत. खेळाडूंना तो मानवला नाही आणि पुढच्या वर्षी सामने पुन्हा तीन दिवसांचे झाले. सॉमरसेट विरुद्ध ससेक्स हा सामना २१ आणि २२ मे रोजी टॉन्टनला झाला. ससेक्सचा संघ तिथे पोहोचला तो एक माणूस कमी घेऊन. अकरावा म्हणून हेगेटला घेतलं. त्याला संधिवातानं जखडलेलं होतं आणि काही हकिकतींत युद्धातल्या दुखापतीचाही उल्लेख येतो. तो नीट चालू शकत नाही हे दोन्ही संघांना दिसत होतं. हे वाक्य ध्यानात ठेवा, पुढे ते लागेल.

सॉमरसेटनं पहिल्या डावात २४३ केल्या, ससेक्सनं २४२. एका धावेची आघाडी. दुसऱ्या डावात सॉमरसेट १०३ मध्ये गडगडलं. ससेक्सला जिंकायला १०५ हव्या होत्या. डाव पुढे सरकत गेला, विकेटही पडत गेल्या आणि १०४ धावांवर, म्हणजे दोन्ही संघांच्या एकूण धावा ३४६ अशा सारख्या झालेल्या असताना, सॉमरसेटचा जलद गोलंदाज जिम ब्रिजेस यानं नववी विकेट काढली. एक धाव हवी, एक फलंदाज बाकी आणि तो फलंदाज हेगेट.

इथून पुढे हकिकती दोन होतात.

पहिली हकीकत जास्त प्रसिद्ध आहे. हेगेटच्या येण्याची वाट पाहिली गेली, तो दिसेना. काहींच्या आठवणीप्रमाणे तो साध्या कपड्यांतच, लंगडत, पॅव्हेलियनमधून निघाला होता. तेवढ्यात सॉमरसेटच्या एका खेळाडूनं पंचांकडे विचारणा केली, म्हणजे अपील केलं, की दोन मिनिटं उलटली ना? तो खेळाडू लेन ब्राँड असल्याचं सांगितलं जातं. पंच आल्फ्रेड स्ट्रीटनं ते अपील मान्य केलं, हेगेटला खेळू दिलं नाही आणि सामना बरोबरीत सुटल्याचं जाहीर केलं.

दुसरी हकीकत खुद्द ब्रिजेसची, म्हणजे चेंडू ज्याच्या हातात होता त्याची. त्याच्या म्हणण्याप्रमाणे मैदानावर सॉमरसेटच्या कोणीही अपील केलं नाही. हेगेट खेळू शकेल की नाही याची शंका सगळ्यांनाच होती. थोडा वेळ वाट पाहून स्ट्रीट पॅव्हेलियनकडे चालत गेला आणि हेगेट खेळणार आहे का असं त्यानं ओरडून विचारलं. उत्तर ‘नाही’ असं आलं. तेव्हा त्यानं खेळ संपवला आणि बरोबरी जाहीर केली.

पुढे हे प्रकरण एमसीसीकडे, म्हणजे क्रिकेटचे नियम करणाऱ्या लंडनच्या मेरिलबोन क्रिकेट क्लबकडे गेलं आणि एमसीसीनं पंचांचा निकाल कायम ठेवला. म्हणून धावफलकात हा सामना आजही बरोबरीचा आहे. विस्डेन या क्रिकेटच्या वार्षिकानं मात्र सॉमरसेटवर टीका केली. सामना पूर्ण करायला भरपूर वेळ शिल्लक असताना असा मुद्दा काढणं खिलाडूवृत्तीला सोडून आहे, असा त्यांचा सूर होता.

आता नियम. १९१९ मध्ये लागू होती ती १८८४ची नियमावली. ती पुढे १९४७पर्यंत चालली. त्यात टाइम्ड आउट नावाचा बाद होण्याचा प्रकारच नव्हता. पंचांच्या कामांबद्दलच्या कलमात एवढंच म्हटलं होतं की नव्या फलंदाजाला येण्यासाठी दोन मिनिटं द्यावीत आणि दोन डावांमध्ये दहा मिनिटं. ही दोन मिनिटं फार जुनी आहेत, १७४४च्या पहिल्या लिखित नियमांमध्येही ती आहेत. पण १८८४च्या त्याच कलमात पुढे असंही होतं की पंचांनी ‘प्ले’ पुकारल्यावर जो संघ खेळायला नकार देईल तो सामना हरेल.

परीक्षेत तुम्हाला हे कोणी विचारणार नाही, पण पंच म्हणून विचार करायला शिकायचं असेल तर हे वाक्य दोनदा वाचा. अक्षरशः घेतलं तर स्ट्रीटसमोर एक तिसरा रस्ताही होता. त्यानं ‘प्ले’ पुकारायचं, ससेक्सचा फलंदाज येत नाही म्हणून त्यांनी खेळायला नकार दिला असं धरायचं आणि सामना सॉमरसेटला द्यायचा. स्ट्रीट त्या रस्त्यानं गेला नाही आणि तो बरोबर होता. संघ खेळायला तयार नसणं वेगळं आणि संघातला एक माणूस चालू न शकणं वेगळं. संघानं खेळायला नकार देणं म्हणजे काय हे मराठी वाचकाला सांगायला लांब जायला नको. डिसेंबर १९४८ मध्ये पुण्यात महाराष्ट्राचे भाऊसाहेब निंबाळकर काठियावाडविरुद्ध ४४३ धावांवर नाबाद होते आणि ब्रॅडमनच्या तेव्हाच्या ४५२च्या विक्रमाला नऊ धावा कमी होत्या. अशा वेळी काठियावाडचे कर्णधार असलेल्या राजकोटच्या ठाकोरसाहेबांनी सामना सोडून दिला. महाराष्ट्र ४ बाद ८२६ वर होता. तिथे अख्खा संघ खेळायला उभा राहिला नाही, म्हणून सामना गेला. टॉन्टनला ससेक्सनं काहीही सोडलेलं नव्हतं. त्यांना ती एक धाव हवी होती.

स्ट्रीटबद्दल थोडं सांगायला हवं, कारण या गोष्टीत त्याला उगीच खलनायक केलं जातं. तो सरेकडून खेळलेला माजी व्यावसायिक खेळाडू होता आणि कसोटी सामन्यांतही पंच म्हणून उभा राहिला. व्यावसायिक खेळाडूंमधून आलेला पंच त्या काळी हौशी कर्णधारांच्या मर्जीबद्दल सावध असायचा, कारण कर्णधारांच्या अहवालांवर त्याची पुढची नेमणूक ठरायची. अशा माणसानं एका हौशी खेळाडूविरुद्ध, सामन्याच्या सगळ्यात अवघड क्षणी नियम लावला. त्याला धाडस लागतं. ब्राँडही व्यावसायिकच. इंग्लंडकडून २३ कसोटी खेळलेला, स्लिपमधला नावाजलेला क्षेत्ररक्षक. खेळणं संपल्यावर तोही प्रथम श्रेणीचा पंच झाला. त्यानं अपील केलं असेल तर नियम न कळता केलं, असं म्हणता येणार नाही.

आता मूळ मुद्दा, अपीलाचा. तेव्हाही आणि आजही, समोरच्या संघानं अपील केल्याशिवाय पंच फलंदाजाला बाद देऊ शकत नाही. ब्राँडनं अपील केलं असेल आणि हेगेट दोन मिनिटांत आला नसेल, तर तो बाद आहे. डाव संपला, धावा सारख्या, बरोबरी. ब्रिजेस खरं सांगत असेल तर अपीलच नाही, म्हणून हेगेट बाद नाही. पण ससेक्सकडूनच ‘तो खेळणार नाही’ असं उत्तर आलं, तेव्हा खेळायला कोणी फलंदाजच उरला नाही. अशा वेळी डाव तिथेच पूर्ण होतो. आजच्या नियमांत हे स्पष्ट लिहिलेलं आहे: विकेट पडली, अजून चेंडू टाकायचे आहेत, पण यायला कोणी फलंदाज उपलब्ध नाही, तर डाव संपला. धावा सारख्या, बरोबरी. गुणलेखक हेगेटच्या नावापुढे ‘दुखापतीमुळे अनुपस्थित’ लिहील आणि त्याची विकेट कोणी घेतलेली नसेल.

म्हणजे निकाल दोन्ही वाटांनी एकच. बदलतो तो हेगेटच्या नावापुढचा शेरा. म्हणूनच टाइम्ड आउटच्या यादीत काही जण हेगेटला पहिला धरतात, तर काही जण दक्षिण आफ्रिकेतल्या अँड्र्यू जॉर्डानपासून यादी सुरू करतात. जॉर्डान १९८७-८८ मध्ये पुरामुळे मैदानावर पोहोचू शकला नव्हता. बाद होण्याचा स्वतंत्र प्रकार म्हणून टाइम्ड आउट नियमावलीत आला तो १९८०मध्ये, त्यामुळे माझं मत दुसऱ्या बाजूला झुकतं. परीक्षेत कोणी ‘पहिला कोण’ असं विचारलं तर हेगेटचं नाव लिहा, पण सोबत एक ओळ जोडा की त्या वेळी हा स्वतंत्र प्रकार नव्हता. चांगला परीक्षक त्या ओळीलाच गुण देईल.

विस्डेनच्या टीकेशी मी अर्धाच सहमत आहे. ‘भरपूर वेळ शिल्लक होता’ हा मुद्दा पंचाच्या कामाचा नाही. दोन मिनिटांची मर्यादा फलंदाजी करणाऱ्या संघाला वेळकाढूपणा करता येऊ नये म्हणून आहे हे खरं, पण दिवसात किती तास उरलेत त्यावर ती ताणायची किंवा आखडायची असं कुठेही लिहिलेलं नाही. पंच असं करू लागला तर उद्या प्रत्येक कर्णधार त्याच्याशी वाद घालेल. पण खिलाडूवृत्तीचा प्रश्न विचारायचाच तर तो सॉमरसेटच्या आधी ससेक्सला विचारायला हवा. मी मघाशी एक वाक्य लक्षात ठेवायला सांगितलं होतं: हेगेट नीट चालू शकत नाही हे सगळ्यांना दिसत होतं. तरीही तो या सामन्यात फलंदाज म्हणून धरायचा की नाही, हे कोणी कोणाला उघड सांगितल्याचं कुठल्याच हकिकतीत येत नाही. ससेक्सच्या कर्णधारानं सामन्यापूर्वी, निदान त्या शेवटच्या डावापूर्वी, समोरच्या कर्णधाराला जाऊन सांगायला हवं होतं की आमच्या अकराव्याला यायला वेळ लागेल, सांभाळून घ्या. टॉन्टनच्या मैदानावर एवढं बोलायला कोणी नकार दिला नसता. ते झालं नाही आणि सगळा भार शेवटच्या दोन मिनिटांवर आला.

रनरचा प्रश्नही इथेच येतो आणि तो बहुतेक लोक विसरतात. १८८४च्या नियमाप्रमाणे सामना चालू असताना ज्याला दुखापत झाली किंवा आजार झाला, त्याच्यासाठी बदली क्षेत्ररक्षक किंवा धावायला दुसरा माणूस मिळत असे. आधीपासून ज्याला चालता येत नाही त्याला ही सवलत विरोधी संघाच्या संमतीशिवाय मिळत नसे. हेगेटचा संधिवात सामन्याच्या आधीचा. म्हणजे तो वेळेत क्रीजवर पोहोचला असता तरी रनर मागताना त्याला सॉमरसेटच्या मर्जीवर अवलंबून राहावं लागलं असतं. ती मर्जी आधीच विचारून घ्यायला हवी होती. बदली माणूस फलंदाजीला मात्र येऊच शकत नाही, तेव्हाही नाही आणि आजही नाही. डोक्याला मार लागल्यास वरच्या दर्जाच्या सामन्यांत जी बदली मिळते, तो वेगळा विषय आहे.

यानंतर हेगेट प्रथम श्रेणीचा सामना खेळला नाही. १९३७ मध्ये तो गेला. सहा सामन्यांपैकी पाचांबद्दल कोणी काही विचारत नाही. सहाव्याबद्दल विचारतात, तेही ज्या डावात त्यानं एकही चेंडू खेळला नाही त्याबद्दल. मला वाटतं, हे त्याच्यावर अन्यायाचं आहे. संघाला एक माणूस कमी पडत होता आणि दुखऱ्या अंगानिशी तो अकरावा म्हणून उभा राहिला, ही त्याच्या कारकिर्दीतली सगळ्यात मोठी गोष्ट आहे. तिची नोंद करायला धावफलकात रकाना नसतो. हँपशायरचा फ्रेडरिक हायलँडही असाच. १९२४ मध्ये नॉर्थॅम्प्टनला तो त्याचा एकमेव सामना खेळला. पावसामुळे त्या सामन्यात दोनच षटकं टाकता आली आणि नॉर्थॅम्प्टनशायरची एक धाव झाली. हायलँड पुढे चेशायरमध्ये रोपवाटिकेच्या धंद्यात नावारूपाला आला. ज्या लोकांच्या नावावर अशी एक ओळ आहे, त्यांची ती ओळ तरी नीट वाचली गेली पाहिजे असं मला कळकळीनं वाटतं.

आजचा नियम कसा लावायचा हे समजायला तीन अलीकडची उदाहरणं पुरतील. जानेवारी २००७ मध्ये केपटाउनच्या कसोटीत भारताचे सेहवाग आणि जाफर लवकर बाद झाले. सचिन आधीच्या डावात शेवटी थोडा वेळ मैदानाबाहेर असल्यामुळे ठरावीक वेळेपर्यंत त्याला फलंदाजीला येता येत नव्हतं. गांगुली तयार नव्हता आणि यायला सहा मिनिटांच्या घरात वेळ लागला. नियमाप्रमाणे त्याला बाद देता आलं असतं, पण पंचांनी परिस्थिती समजावल्यावर ग्रॅम स्मिथनं अपील केलं नाही. अपील नाही, म्हणून बाद नाही. दुसरं, ट्रेंट ब्रिजवर २००३ मध्ये नॉटिंगहॅमशायरचा अँड्र्यू हॅरिस दुखापतीमुळे वेळेत पोहोचला नाही, त्याला टाइम्ड आउट दिलं गेलं आणि समोर ख्रिस रीड ९४ वर नाबाद राहिला. हेगेटच्या सगळ्यात जवळ जाणारा प्रसंग हाच. तिसरं सगळ्यांना आठवतं: ६ नोव्हेंबर २०२३, दिल्ली, विश्वचषक. अँजेलो मॅथ्यूजच्या हेल्मेटचा पट्टा तुटला, शाकिबनं अपील केलं, पंचांनी ते मागे घ्यायचंय का असं विचारल्यावरही ते कायम ठेवलं. आंतरराष्ट्रीय क्रिकेटमधला पहिला टाइम्ड आउट. तो पंचांनी दिला हे बरोबरच. अपील ठेवायचं की मागे घ्यायचं हा कर्णधाराचा अधिकार, आणि त्याबद्दलचं कौतुक किंवा टीकाही त्याचीच.

आता तुमचा सामना. सध्याच्या नियमावलीत कलम ४० बघा. विकेट पडल्यापासून किंवा फलंदाज निवृत्त झाल्यापासून तीन मिनिटांत नवा फलंदाज चेंडू खेळायला तयार असला पाहिजे, किंवा तो आत येऊन त्याचा जोडीदार पुढचा चेंडू खेळायला तयार असला पाहिजे. आंतरराष्ट्रीय एकदिवसीय सामन्यांत ही मुदत दोन मिनिटांची आणि टी-ट्वेंटीत नव्वद सेकंदांची आहे. तुमच्या स्पर्धेचे नियम वेगळे असतील तर ते आधी वाचा. घड्याळ विकेट पडताक्षणी बघायचं, फलंदाज सीमारेषेवर दिसल्यावर नाही. ही चूक नवे पंच सर्रास करतात, कारण १९८०च्या नियमात फलंदाजानं मैदानात पाऊल टाकणं पुरेसं होतं आणि जुन्या लोकांच्या बोलण्यात अजून तेच असतं. टाइम्ड आउटची विकेट गोलंदाजाच्या खात्यात जात नाही, हे गुणलेखकाला सांगून ठेवा.

तुम्ही वर्णन केलेल्या प्रसंगात मी हे केलं असतं. पाय मुरगळला हे कळलं त्याच क्षणी, चेंडू मृत असताना, म्हणजे दोन चेंडूंच्या मधे खेळ थांबलेला असताना, फलंदाजी करणाऱ्या संघाच्या कर्णधाराला गाठून विचारलं असतं: तुमचा अकरावा खेळणार आहे का? खेळणार असेल तर आठवी विकेट पडायच्या आतच पॅड बांधून सीमारेषेजवळ बसवा. आमच्याकडे आझाद मैदानासारख्या ठिकाणी तंबू खेळपट्टीपासून लांब असतो आणि मधे दुसऱ्या सामन्याचे क्षेत्ररक्षक उभे असतात, तिथे हे सांगणं पंचाचं कर्तव्यच आहे. तीन मिनिटं तिथे चालण्यातच जातात. खेळणार नसेल तर ते दुसऱ्या कर्णधाराला, सहकारी पंचाला आणि गुणलेखकाला लगेच कळवा. मग नववी विकेट पडली की डाव संपला, कोणाचा वाद नाही. आणि नक्की नसेल तर तसंही दोघांना सांगा, म्हणजे नंतर ‘आम्हाला माहीतच नव्हतं’ असं कोणी म्हणणार नाही.

मग नववी विकेट पडली आणि तो आला नाही, तर स्वतःहून बाद देऊ नका. तीन मिनिटं पूर्ण झाल्यावर अपील आलं तर सहकारी पंचाशी बोला, घड्याळ दोघांनी ताडून बघा आणि बाद द्या. क्षेत्ररक्षण करणाऱ्या कर्णधाराला अपील मागे घ्यायचंय का असं एकदा शांतपणे विचारायला हरकत नाही, पण आग्रह करू नका. अपील आलं नाही तर वाट बघा आणि कर्णधाराला विचारा. ‘येणार नाही’ असं उत्तर आलं तर डाव संपवा आणि ‘दुखापतीमुळे अनुपस्थित’ असं लिहायला सांगा. उत्तरच नाही, माणूसही नाही आणि वेळ वाढत चाललाय, असं झालं तर कलम १६ मधली खेळायला नकार देणाऱ्या संघाबद्दलची कार्यपद्धत लागू होते आणि तिच्यासाठी वेळ मोजायला सुरुवात होते ती ती तीन मिनिटं संपल्यापासून. तिथपर्यंत जायची वेळ क्लब क्रिकेटमध्ये सहसा येत नाही, पण परीक्षेत हा प्रश्न हमखास येतो. ते कलम आणि कलम ४०.१.२ एकत्र ठेवून वाचा आणि सोबत कलम ३१ मधली अपीलाची मुदतही पाठ करा: पुढच्या चेंडूसाठी गोलंदाज धावायला लागण्यापूर्वी आणि ‘टाइम’, म्हणजे खेळ थांबल्याची घोषणा, पुकारण्यापूर्वी.